सातवा टीव्ही बंद का होता

हेमांगी,

मागच्या शुक्रवारी तुझी शोकसभा झाली. मला पहिल्या रांगेत बसवलं, कारण कुवेतच्या आपल्या मराठी मंडळात आता माझ्याहून जुना माणूस उरलेला नाही. चौघे बोलले आणि चौघांनी तीच गोष्ट सांगितली. बनेद अल-गारच्या तळघरात तुझा पहिला प्रयोग चालू होता, एकाएकी वीज गेली, आणि तू न डगमगता अंधारात बोलत राहिलीस. एक तरुण डॉक्टरबाई तर म्हणाल्या की त्या दुपारी वीज गेली नसती, तर हेमांगीताईंना त्यांची वाट सापडलीच नसती. सगळे माझ्याकडे वळून बघायला लागले. त्या दुपारी हजर असलेला मंडळातला मी एवढा एकच माणूस सभेत होतो. मी मान हलवली.

इतकी वर्षं मी ती अशीच हलवत आलो आहे.

वीज गेली नव्हती. मेन स्विच मी खाली ओढला होता.

शोकसभेत उठून हे सांगावं एवढं धैर्य मला झालं नाही. आता मंडळाच्या अंकासाठी तुझ्यावर लिहायला सांगितलंय, तेव्हा इथे लिहितो. लोक वाचतीलच, पण सांगतोय तुला. तुला ते ठाऊक होतं, याची मला आता खात्री आहे. तरी माझ्या तोंडून तू ते ऐकलं नव्हतंस, आणि ते ऐकण्याचा हक्क तुझा होता.

तू पहिल्यांदा भेटलीस ती आमच्या एक्स-रे विभागात. आखाती लढाई संपून दोन-तीन वर्षं झाली होती, आम्ही सगळे परत येऊन कामाला लागलो होतो, आणि भूल देणारे नवे डॉक्टर म्हणून शिरीष आमच्या हॉस्पिटलात आले होते. त्यांची बायको एक दिवस माझ्या टेबलासमोर उभी राहून म्हणाली, "परबकाका, मला खराब झालेल्या फिल्म हव्यात. जितक्या असतील तितक्या."

मी म्हटलं, "पेशंटच्या फिल्म बाहेर देता येत नाहीत."

"पेशंट नकोच आहे मला. ज्याच्यावर काही उमटलं नाही अशा द्या."

प्रकाश लागून काळ्या पडलेल्या फिल्म आमच्याकडे ढिगाने असत. त्या मी दिल्या. महिन्याभराने तू आम्हाला चहाला बोलावलंस. स्वयंपाकघराच्या खिडकीला तू त्या सगळ्या फिल्म चिकटवल्या होत्यास, आणि कुवेतचा तो भाजून काढणारा सूर्य त्यांतून आत येताना तपकिरी, थंड होऊन येत होता. भांडी, ओटा, तुझी लहानगी रेवा, सगळं त्या उजेडात बुडालेलं. आम्ही चहा प्यायलो. शेवटी माझी बायको कुमुद म्हणाली, "ग्रहण बघायला बरंय हं हे." तू इतकी हसलीस की चहा सांडला.

आपला वाद तेव्हा सुरू झाला. मी विचारलं, याला कला कसं म्हणायचं? तू मुंबईत रीतसर चित्रकला शिकलेली. सरळ एखादं चित्र काढ, आम्ही भिंतीवर लावू.

"काका, एक्स-रे काढताना तुम्ही पेशंटला काय सांगता?"

"श्वास धरा, म्हणून सांगतो."

"मग?"

"मग सोडा म्हणतो."

"मीही लोकांना तेवढंच सांगते. त्यांना वाटतं, काहीतरी समजायला हवं."

मी म्हटलं, आमच्याकडे निदान शेवटी हाडाचं चित्र तरी येतं. तू म्हणालीस, "कधी कधी काळी फिल्मही येते, आणि ती तुम्ही मला देता." पुढच्या खेपेला मी वेगळा मुद्दा घेऊन यायचो आणि तू कुमुदकडे बघून डोळे मिचकावायचीस. या परक्या गावात माझ्याशी वाद घालण्याच्या लायकीचा मला समजणारी तू एकटीच होतीस. बाकीचे मला मंडळाचा सेक्रेटरी समजत आणि हो ला हो करत.

गच्चीवरचा तो प्रयोगही आठवतो. धुळीचं वादळ येणार म्हणून सगळे खिडक्या लावून बसलेले, आणि तू गच्चीवर पांढऱ्या चादरीवर आडवी झालीस. वादळ जाईपर्यंत उठली नाहीस. उठलीस तेव्हा चादर पिवळी होती आणि मधोमध तुझ्या आकाराची पांढरी बाई निजलेली होती. केसांतून, कानांतून वाळू गळत असताना तू मला हाक मारलीस, "काका, कॅमेरा आणा लवकर, वाऱ्यानं बाई उडून जाईल." मी माझा व्हिडिओ कॅमेरा घेऊन जिने चढलो. तो कॅमेरा मी मंडळाच्या गणपतीचं आणि लोकांच्या बारशांचं शूटिंग करायला घेतला होता. त्या दिवसापासून तो माझ्यापेक्षा तुझ्याकडेच जास्त राहिला.

आणि एका शुक्रवारी, इथल्या सुट्टीच्या दिवशी, तू तो घेऊन सुलैबियाला गेलीस.

तिथल्या मजुरांच्या कँपात आपल्या कोकणातली माणसं राहत होती. सुतार, गवंडी, एसी दुरुस्त करणारे, फरशी बसवणारे. सगळ्यांचे संसार गावाला आणि ही इथे एका खोलीत आठ-आठ, लग्न झालेली असूनही ब्रह्मचाऱ्यासारखी. तुला त्यांच्याकडून एकच गोष्ट हवी होती. त्यांनी कॅमेऱ्यासमोर बायकोचं नाव घ्यायचं, उखाण्यात.

मला सोबत चल म्हणालीस. मी म्हटलं, ड्यूटी आहे. ड्यूटी नव्हती.

परत आलीस ती हसत. "एकही तयार होईना. एक जण म्हणाला, 'बायकोचा नाव घेवक मी काय बाईलमाणूस?' दुसरा म्हणतो, 'पोरांची आई' एवढंच म्हणेन, त्यात काय ते समजून घ्या." त्या पहिल्या खेपेला त्यांनी नाव घेतलं ते भिंतीकडे तोंड करून. तुझ्या कॅसेटवर नुसत्या पाठी आल्या. कुणाचा बनियन फाटका, कुणाच्या खांद्यावर टॉवेल, आणि भिंतीला सांगितलेलं बायकोचं नाव. तू पुढच्या शुक्रवारी गेलीस, त्याच्या पुढच्याही. कॅमेरा पिशवीतच ठेवून त्यांच्याबरोबर भात आणि सुक्या बांगड्याचं तिखलं खायचीस, मुकादमाला नावं ठेवायचीस. हळूहळू ती माणसं वळली. मला एक-एक उखाणा तू म्हणून दाखवायचीस.

"सगळ्यांच्या घरी गारवा, माझ्या खोलीत उकाडा,
मंदाचं नाव घेतो, आता मला घरी धाडा."

हा एसीवाला. गवंड्याचा होता, "दोन वर्षांचा करार, वर्षं झाली चार, सुलभाची भाकर आठवते वारंवार." तू म्हणालीस, "काका, नाव घेऊन झालं की चेहरा कसा होतो बघा. लाजतात, आणि मग एकदम म्हातारे होतात."

मी बघितलं नाही. मला त्या कँपातलं काहीच बघायचं नव्हतं. कारण मंडळात कुणालाही ठाऊक नव्हतं, आणि ते मी आज लिहितो आहे, की त्याच कँपात माझा सख्खा धाकटा भाऊ राहत होता.

दत्ताराम. गावात आठवीपर्यंत शिकला, मग फरशीच्या कामाला लागला. मुंबईच्या एजंटामार्फत कुवेतला आला तेव्हा त्याला वाटलं होतं की दादा तिथे आहे, आता काय काळजी. मी त्याला विमानतळावर घ्यायला गेलो नाही. आठवड्याने कँपाबाहेरच्या बस थांब्यावर भेटलो, कुमुदने दिलेलं लोणचं आणि लाडू हातात दिले आणि सांगितलं, घरी येताना आधी फोन करत जा, आमच्याकडे लोक असतात. तो "होय" म्हणाला. तीन-चारदा फोन केला त्याने. दर वेळी आमच्याकडे लोक होते. मग त्याने फोन करायचं सोडलं.

मंडळात मी दादरचा होतो. एक्स-रेचं शिक्षण दादरला मामाकडे राहून केलं, तिथली भाषा उचलली, आणि कुवेतला आल्यावर कोणी गाव विचारलं की दादर सांगायचो. मंडळात डॉक्टर, इंजिनीअर, बँकेतले. त्यांच्यात मी टेक्निशियन. आधीच एक पायरी खाली. त्यात भाऊ फरशीवाला, कँपात राहणारा, आम्ही दोघं बोलायला लागलो की माझ्या तोंडून मालवणी येणार, हे मला सोसणारं नव्हतं. कुमुद म्हणायची, "आपल्या माणसाला फोनवरूनच परत पाठवता, देव बघतो हो." मी म्हणायचो, तुला इथलं राजकारण कळत नाही.

संक्रांतीनंतरच्या शुक्रवारी मंडळाचं हळदीकुंकू होतं, दुपारी, बनेद अल-गारच्या एका इमारतीच्या तळघरात. ते तळघर आम्हाला मालकाच्या मेहेरबानीवर मिळत असे. तू समितीला विचारलंस, मला वीस मिनिटं द्या. तुला मिळाली ती माझ्यामुळे, हे खरं आहे. मी तुझ्या बाजूने बोललो होतो. शुक्रवार बाजारातून तू सात जुने टीव्ही आणलेस, सात घरांतून व्हीसीआर मागून आणलेस, त्यात एक आमचा. सकाळी मी वायरी जोडायला आलो. विजेचं कळतं म्हणून ते काम माझ्याकडे. तू फुलं आणायला गेली होतीस. मी एक-एक कॅसेट लावून चित्र नीट येतं का बघत होतो.

सातव्या टीव्हीवर दत्ता आला.

इस्त्रीचा शर्ट घालून, केस पाणी लावून बसवलेले. तो हसला आणि म्हणाला,

"शेखाच्या न्हाणयेत घातलंय इटालीची लादी,
शेवंतीचा नाव घेतंय, लाज वाटता आधी."

मागे खोलीतली माणसं हसली. तोही हसला. मग कॅमेऱ्याच्या जरा बाजूला, म्हणजे तुझ्याकडे बघून म्हणाला, "माझो थोरलो भाव हंयच आसा, हॉस्पिटलात. एक्स-रे काढता. तेका वेळ नसता. मोठो माणूस तो."

त्यात टोमणा नव्हता. तो ते अभिमानाने सांगत होता.

मी टीव्ही बंद केला. तू फुलं घेऊन आलीस, विचारलंस, "सगळे लागले ना?" मी म्हटलं, "लागले." त्या वेळी मला एवढंच म्हणायचं होतं की हेमांगी, तो सातवा काढ. तू काढला असतास. का, हेही विचारलं नसतंस. पण काढ म्हणणं म्हणजे तो माझा भाऊ आहे हे तुला सांगणं, आणि तुला ते आधीच कळलेलं असणार हे माझ्या लक्षात यायला हवं होतं. परब, एक्स-रे, हॉस्पिटल. दुसरा कोण असणार? पण भ्यालेल्या माणसाला समोरचं दिसत नाही.

दुपारी तळघर भरलं. बायका पुढे, पुरुष मागे भिंतीला टेकून. तू साधी सुती साडी नेसून, हातात हळदीकुंकवाची कुयरी घेऊन आलीस आणि पहिला टीव्ही लावलास. एसीवाला मंदाचं नाव घेऊन थांबला, तशी तू वाकलीस आणि टीव्हीच्या काचेला, त्याच्या कपाळाच्या जागी, हळद लावलीस, कुंकू लावलंस, तिळगूळ ठेवलास. मंदाचा वाटा. बायकांत कुजबुज झाली. दीक्षितवहिनी म्हणाल्या, "हे काय बाई, टीव्हीची ओटी भरताय का?" हशा झाला. दुसरी कोणी म्हणाली, "गड्यांना हळदीकुंकू! उद्या हारिसलाही बोलवा." हारिस म्हणजे इमारतीचा राखणदार. पण तिसऱ्या टीव्हीपर्यंत हसणं थांबलं. चौथ्याला कुणीतरी नाक ओढलं. मला ते मागून दिसत होतं. लोक तुझे होत चालले होते, आणि मी जिन्याखालच्या फ्यूज बोर्डाकडे सरकत होतो.

सहावा झाला. तू सातव्यासमोर वाकून बटणाकडे बोट नेलंस. मी मेन ओढला.

तळघराला खिडकी नव्हती. पूर्ण काळोख झाला. एक मूल रडायला लागलं, बांगड्या वाजल्या, कोणीतरी म्हणालं, "अहो, काडी ओढा कुणीतरी." आणि तुझा आवाज आला, शांत, "बसून राहा. एक जण राहिलाय."

तू दत्ताचा उखाणा म्हटलास. तू नाशिकची, पण ते दोन चरण तू दत्ताच्या बोलीत, त्याच्याच हेलात म्हटलेस. शेवंतीचा नाव घेतंय, लाज वाटता आधी. पुढचं वाक्य येईल म्हणून मी अंधारात श्वास धरून उभा होतो. ते आलं नाही. तू थांबलीस. मग पहिल्यापासून सातही जणींची नुसती नावं घेतलीस. मंदा. सुलभा. अशी एकेक. शेवंतीवर थांबलीस आणि म्हणालीस, "त्यांनी इकडचा तिळगूळ घेतला असं समजा." तळघर इतकं शांत होतं की वर रस्त्यावरच्या गाड्या ऐकू येत होत्या. मग मी स्विच वर केला.

तेव्हा मला वाटलं, ते वाक्य तू विसरलीस. माझं नशीब.

घरी जाताना गाडीत कुमुद म्हणाली, "शेवंतीचं नाव घेणारा आपला दत्ताच ना?" मी म्हटलं, "शेवंती काय एकच असते?" तिने विचारलं, "दिवे तुम्ही घालवलेत?" मी म्हटलं, "लोड जास्त झाला." ती समुद्राच्या बाजूला तोंड करून बसली. कुमुद आता नाही. तिच्याशीही माझं हे बोलणं तिथेच राहिलं.

त्यानंतरचं जे झालं, त्याचं मला स्विचपेक्षा जास्त वाईट वाटतं. मालकाने मंडळाला विचारलं, काय झालं? मी समितीत सांगितलं, जुने टीव्ही, लोड जास्त झाला, थोडक्यात वाचलो. माझा शब्द विजेच्या बाबतीत शेवटचा होता. मालकाने तळघर काढून घेतलं आणि मंडळाने त्याचा दोष तुझ्यावर ठेवला. असले प्रयोग पुन्हा नकोत, असं ठरलं. शिरीषना त्यांच्या बरोबरीच्या डॉक्टरांची माफी मागावी लागली. रेवाला मुलांच्या नाटुकल्यातून वगळलं, आणि ती मला तुझ्या दारात विचारत होती, "परबआजोबा, व्हाय ॲम आय नॉट द रॅबिट?" मी तिला चॉकलेट दिलं. तू चहा केलास. तू एकदाही म्हणाली नाहीस की काका, तुम्ही तरी बोला. बोलली असतीस तर मी कदाचित खोटं अजून पक्कं केलं असतं. ते करायची पाळी तू माझ्यावर आणली नाहीस, हे तुझे उपकार.

मंडळाचं दार बंद झालं आणि तू स्वतःच्या घराचाच हॉल केलास. पुढच्या सात-आठ वर्षांत तू काय काय केलंस, ते तुझ्यावर लिहिणारे शिकलेले लोक लिहितीलच. मला दिसलं ते एवढं की तुझा प्रत्येक प्रयोग शेवटी अंधारात जायचा. तुझ्या दिवाणखान्यात बसून दहा-बारा माणसं अंधारात कोणा नर्सचा, कोणा ड्रायव्हरचा आवाज ऐकायची. मी येत होतो. तू मला बोलवायचीस आणि मला न येण्याचं तोंड नव्हतं. एकदा सगळे गेल्यावर मी म्हटलं, "दर वेळी दिवे कशाला घालवतेस? लोक धडपडतात." तू म्हणालीस, "अंधारात माणसं खोटं ऐकत नाहीत, काका." मी म्हटलं, बोलतात मात्र. तू कप विसळत होतीस, तुझी पाठ माझ्याकडे होती.

माझ्या एका हलकट कृतीतून तू तुझी सगळी रीत उभी केलीस. याचं श्रेय मला नको, आणि चुकूनही कोणी देऊ नये, म्हणून हे लिहितोय. मी अंधार केला तो लपवण्यासाठी. तू त्यात बसून लोकांना ऐकायला शिकवलंस. दोन्ही अंधार एक नाहीत.

मग इथल्या एका गॅलरीने ते सात टीव्ही पुन्हा मांडायला तुला बोलावलं. तोपर्यंत शारजाला, मुंबईला ते मांडून तुझं नाव झालं होतं. मी रिटायर झालो होतो, मुलाच्या इकाम्यावर, म्हणजे राहण्याच्या परवान्यावर, सबाह अल-सालेमला राहत होतो. मुलाने गाडीने सोडलं. पांढऱ्या भिंती, गार हवा, सहा टीव्हीवर सहा माणसं आपापल्या बायकांची नावं घेत होती. सातवा बंद होता. काळ्या काचेला हळदीकुंकू लावलेलं, खाली तिळगूळ, आणि काचेमागून रेकॉर्ड केलेला तुझा आवाज, शेवंतीचा नाव घेतंय. भिंतीवर एका विद्वानाने लिहिलेलं होतं की सातवा पडदा म्हणजे अनुपस्थिती, परदेशी मेलेल्या मजुरांचं स्मारक. लोक त्याच्यासमोर हात जोडल्यासारखे उभे होते. माझा भाऊ तेव्हा गावात आंब्यांना खत घालत होता.

मी तुला बाजूला घेऊन विचारलं, "सातवा का बंद ठेवलास? कॅसेट खराब झाली का?"

"कॅसेट चांगली आहे."

"मग?"

"परवानगी यायची आहे, काका."

"कुणाची? त्या माणसाची?"

"त्या माणसाने तर केव्हाच दिली," तू म्हणालीस. माझ्याकडे बघितलंस, फार वेळ नाही. मग म्हणालीस, "समोसे गार होतील, चला."

त्या क्षणी मला सगळं कळलं. अंधारात तू ते वाक्य विसरली नव्हतीस. तू ते गिळलं होतंस, माझ्यासाठी. नेमक्या सातव्यालाच दिवे गेले, तेव्हा स्विच कोणी ओढला, हे हात बटणावर असतानाच तुला समजलं असणार. आणि इतकी वर्षं, इतक्या गावांत, तू तो टीव्ही काळा ठेवलास. लोकांनी त्याचे काय काय अर्थ लावले, ते लावू दिलेस. मुलाखतीत विचारलं की "दिवे गेले" एवढंच सांगायचीस. मी समोसा खाल्ला आणि घरी आलो.

एक भांडण मात्र मला तुझ्याशी करायचं होतं. तू मला आधी का विचारलं नाहीस? दत्ता तुला बोलला की दादाला वेळ नसतो, तेव्हा माझ्याकडे येऊन का नाही म्हणालीस, अहो काका, हा तुमचा भाऊ ना? तुला वाटलं मी खूश होईन? की तुला मला चारचौघांत उघडं पाडायचं होतं? कधी मला एक वाटतं, कधी दुसरं. तू काही देवी नव्हतीस. तुझ्यात एक खट्याळ, धारदार बाई होती, आणि तिने मुद्दाम तो सातवा टीव्ही शेवटी ठेवला असेल तर मला नवल नाही. हॉस्पिटलात शेवटी भेटायला आलो तेव्हा हेच विचारायचं ठरवून आलो होतो. तू अंगाने निम्मी झाली होतीस. म्हणालीस, "काका, वाद घाला ना काहीतरी, सगळे नुसते गोड बोलतात." मी म्हटलं, तुझी ती धुळीची चादर मला अजून कळलेली नाही. तू डोळे मिटून हसलीस. विचारायचं राहिलं.

तू गेल्यावर तुला विमानाने नाशिकला नेलं, त्याच्या दुसऱ्या दिवशी मी दत्ताला फोन लावला. सगळं सांगितलं. किती वर्षांनी मी त्याच्याशी मालवणीत बोललो, शब्द अडकत होते. तो ऐकत होता. मग म्हणाला, "दादा, तू माका आदी सांगलं असतंस, तर मी थंय बोललंयच नसतंय."

तो माझ्यावर ओरडला असता तर बरं झालं असतं.

मग त्याने विचारलं, "बाय गेली कशान?" मी सांगितलं. तो म्हणाला, "आमच्यात बसून बांगडो खायची. सुट्टीवर येताना माका कॅसेट दिल्यान, शेवंतीन शंभरदा बघितल्यान ती." म्हणजे माझ्या भावजयीकडे ती कॅसेट तेव्हापासून आहे. त्यातलं ते वाक्य, दादाला वेळ नसतो, तिने शंभरदा ऐकलं आहे. तुझी ही गोष्टही मला तुझ्या मागे कळली.

मी म्हटलं, "दत्ता, तो टीव्ही लावू का आता? तुझी परवानगी आसा मां?"

"माझी होतीच. आता तुझी असली तर लाव. तेव्हा माझे केस काळे होते. बघांदेत लोक."

रेवा पुढच्या शुक्रवारी तुझ्या आठवणीसाठी सातही टीव्ही मांडते आहे. मी तिला सांगितलं की सातवा चालू कर, पूर्ण, शेवटच्या वाक्यापर्यंत. ती म्हणाली, "पण आजोबा, द डार्क वन इज द वर्क." मी तिला का ते सांगितलं. तिच्या नाटुकल्याचंही सांगितलं. ती रागावली असेल, तो तिचा हक्क आहे. मग म्हणाली, "तुम्ही स्वतः ऑन कराल?"

हो म्हटलंय. बटण मी दाबेन, आणि समोर जे असतील त्यांना सांगेन की हा दत्ताराम परब, फरशीवाला, शेवंतीचा नवरा, माझा धाकटा भाऊ. दीक्षितवहिनी नसतील, समितीतले कोणी नसतील, ज्यांच्यापुढे मला हे सांगायला हवं होतं ते बहुतेक गेले किंवा परतले. जे आहेत त्यांना सांगेन. दत्ताचं नाव सांगायची माझी पाळी तेव्हाच होती. ती मी चुकवली, आणि तू ती दुसऱ्या कुणाला दिली नाहीस. माझ्यासाठी तू इतकी वर्षं थांबलीस, हेमांगी. मी तुझा फार आभारी आहे.